घरचा लेमन सावर पाणचट का होतो? शोचूच्या पेल्याची क्रमवार तपासणी

लक्षणे

लेमन सावर म्हणजे शोचू ही जपानी दारू, सोडा आणि लिंबाचा रस यांचे गार पेय. घरी केलेल्या लेमन सावरबद्दलची तक्रार बहुतेक वेळा एकाच वाक्यात येते : ‘इझाकायात, म्हणजे जपानी गुत्त्यात, लागतो तसा लागत नाही.’ एवढ्या मोघम तक्रारीवरून काहीच दुरुस्त करता येत नाही, म्हणून नेमके काय बिघडले आहे ते मी आधी विचारून घेतो. पहिला घोट ठीक लागून पाच-सात मिनिटांत पेल्यात लिंबाचा वास असलेले गार पाणी उरते का? सोडा ओतताना पेला फसफसून उतू जातो आणि नंतर मात्र जिभेला बुडबुडे जाणवतच नाहीत का? गिळल्यानंतर घशाशी कडवटपणा रेंगाळतो का? पेयाला मासळीचा किंवा कालच्या आमटीचा वास येतो का? की चव, थंडावा सगळे जमूनही दारूचा उग्रपणा वर येतो? यांतली पहिली दोन लक्षणे वरकरणी वेगळी दिसली तरी एकाच दोषाची असतात आणि दहापैकी आठ घरांत तीच आढळतात.

मी तोक्योच्या पूर्वेकडील निशि-कासाई भागात राहतो. येथे भारतीय कुटुंबांची वस्ती मोठी आहे, आणि जुलै-ऑगस्टच्या दमट उकाड्यात कोणाच्या ना कोणाच्या घरून हा बिघाड माझ्याकडे येतोच. बहुतेकांनी तोपर्यंत शोचूची महागडी बाटली आणून पाहिलेली असते. माझ्या मते तो सर्वांत शेवटी करण्याचा उपाय आहे.

तपासणीपूर्वी ठरवायचे माप

शोचू ही गाळलेली दारू आहे आणि जपानी कायद्यात तिचे दोन मुख्य प्रकार आहेत. सलग ऊर्ध्वपातनाने काढलेली, जवळजवळ गंधहीन आणि ३६ टक्क्यांपेक्षा कमी मद्यार्काची ती कोरुई. एकाच वेळच्या ऊर्ध्वपातनाने काढलेली आणि म्हणून रताळे, जव किंवा तांदूळ यांचा मूळ वास टिकवून ठेवणारी, ४५ टक्क्यांपर्यंतची ती होन्काकु. तोक्योच्या साध्या गुत्त्यांमधून मिळणारा लेमन सावर कोरुईचा असतो. शोचू आणि हायबॉल हे दोन शब्द जोडून जो चूहाय शब्द झाला, त्याच घराण्यातले हे पेय आहे.

दोष शोधताना माप दर वेळी बदलत राहिले तर कशामुळे काय झाले हे कळत नाही. म्हणून मी ६० मिलिलिटर २५ टक्क्यांची कोरुई, १८० मिलिलिटर साधा सोडा आणि १५ मिलिलिटर लिंबाचा रस हे माप धरतो, आणि पेला साधारण ४०० मिलिलिटरचा, काठोकाठ बर्फ भरलेला घेतो. साखर घालत नाही. पुढील सर्व तपासण्या याच मापावर कराव्यात आणि एका वेळी एकच गोष्ट बदलावी.

फुकटात होणारी तपासणी : तापमान

शोचूची बाटली कपाटात उभी आहे, सोडा नुकताच दुकानातून आलेला आहे आणि पेला मांडणीवरून उचललेला आहे, असे दृश्य दिसले की मी पुढे काही पाहतच नाही. तिन्ही वस्तू रात्रभर फ्रीजमध्ये ठेवायला सांगतो आणि दुसऱ्या दिवशी येतो, कारण कोमट वस्तूंवर केलेल्या इतर कोणत्याही तपासणीच्या निकालावर विश्वास ठेवता येत नाही.

यामागचा हिशेब शाळेतल्या विज्ञानाचाच आहे. एक ग्रॅम बर्फ वितळताना सुमारे ८० कॅलरी उष्णता शोषून घेतो. उन्हाळ्यातल्या खोलीत शोचू आणि सोडा २८ अंशांवर असतील, तर हा २४० मिलिलिटर द्रव शून्याजवळ आणण्यासाठी ढोबळमानाने ६,७२० कॅलरी काढाव्या लागतात आणि त्यात सुमारे ८४ ग्रॅम बर्फाचे पाणी होते. तेच द्रव ४ अंशांवर असतील तर १२ ग्रॅम बर्फ पुरतो. म्हणजे पहिल्या पेल्यात ओठ लागण्यापूर्वीच अर्धी वाटी पाणी पडलेले असते. रस सोडून हिशेब केला तर मद्यार्काचे प्रमाण ६.२५ टक्क्यांवरून ४.६ टक्क्यांवर येते, तर दुसऱ्या पेल्यात ते जवळजवळ ६ टक्क्यांवर टिकते. फ्रीझरमधून थेट काढलेला बर्फ शून्याच्या बराच खाली असल्यामुळे वितळणे थोडे कमी होते, परंतु दोन पेल्यांतला फरक त्यामुळे मिटत नाही. बाटली तीच, माप तेच, आणि तरी एक पेला पाणचट होतो तो असा.

बुडबुड्यांचे गणितही तापमानापाशीच येऊन ठेपते. शून्य अंशाला, साध्या वातावरणीय दाबाखाली, एक लिटर पाण्यात सुमारे १.७ लिटर कार्बन डायऑक्साइड विरघळून राहतो. २० अंशांना हेच प्रमाण ०.९ लिटरपर्यंतही पोहोचत नाही. कोमट सोडा बर्फावर ओतला की पाणी गार होण्याची वाट न पाहता वायू फेसाच्या रूपाने निघून जातो. पेला उतू जाणे आणि नंतर पेय मिळमिळीत लागणे ही एकाच दोषाची दोन टोके आहेत असे मी वर म्हटले, ते यामुळे. शिवाय पेल्यातला एक चतुर्थांश द्रव म्हणजे शोचू, आणि तिच्यात वायू मुळीच नसतो, हेही विसरू नये. सोड्याचा जोर तिच्यात वाटला जाणारच आहे, त्यात आणखी गळती परवडत नाही.

तोक्योत होप्पी नावाचे, बिअरच्या चवीचे, एक टक्क्याहूनही कमी मद्यार्काचे पेय १९४८ पासून मिळते आणि ते शोचूत मिसळून पितात. ते पिण्याची जी पद्धत जाणकार सांगतात तिला ‘सानरेई’ म्हणजे ‘तीन थंड’ असे नाव आहे : पेला थंड, शोचू थंड, होप्पी थंड, आणि बर्फ अजिबात नाही. माझ्या सगळ्या दुरुस्त्यांचे मूळ या एका शब्दात आहे. लेमन सावरमध्ये आपण बर्फ घालतो खरा, परंतु त्याचे काम थंड पेय थंड राखण्याचे आहे. गरम पेय गार करण्याचे काम त्याच्यावर सोपवले की तो स्वतःच पेयाचा भाग होऊन बसतो.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. घाई म्हणून सोड्याची बाटली फ्रीझरमध्ये ठेवू नये. ती विसरली जाते आणि फुटते. २५ टक्क्यांची शोचूही उणे दहा-बारा अंशांच्या आसपास गोठू लागते, त्यामुळे उणे १८ अंशांच्या फ्रीझरमध्ये व्होडकासारखी ती पातळ राहत नाही, तिचा भुगा होतो. तो हवाच असेल तर लहान प्लास्टिकच्या पिशवीत गोठवावी. मिए प्रांतातल्या योक्काइची येथील किन्मिया शोचू अशी अर्धवट गोठवून देण्याची पद्धत तोक्योच्या गुत्त्यांत आहे आणि तिला ‘शारीकिन’ म्हणतात. भरलेली काचेची बाटली मात्र फ्रीझरमध्ये ठेवू नये.

ओतण्याचा क्रम आणि ढवळणे

हीही बिनखर्चाची तपासणी आहे, आणि मराठी घरांत दोष सापडण्याचे हे दुसरे ठिकाण. लिंबू सरबत करणारा हात सगळे एकत्र घालून चमचा गरागरा फिरवतो. साखर विरघळवायची असते म्हणून ते योग्यही असते. येथे विरघळवण्यासारखे काही नाही. आधी बर्फ घालावा, पेल्याच्या तळाशी साचलेले पाणी ओतून टाकावे, मग शोचू आणि रस घालून तेवढेच नीट ढवळावे, कारण त्या दोघांत वायू नसल्यामुळे कितीही ढवळले तरी गमावण्यासारखे काही नसते. सोडा सर्वांत शेवटी, पेला तिरपा धरून, काचेच्या कडेने सोडावा, बर्फाच्या खड्यांवर धार धरू नये. त्यानंतर चमचा तळापर्यंत नेऊन बर्फ एकदा वर उचलावा आणि चमचा बाहेर काढावा. दुसरी फेरी मारण्याचा मोह होतो. तो आवरावा.

पेल्याकडेही एकदा उजेडात पाहावे. सोडा ओतल्यावर बुडबुडे एकाच जागेवरून माळेसारखे सतत उठत असतील, तर तेथे फडक्याचा धागा, धूळ किंवा चरा आहे आणि वायू तेथून निसटतो आहे. कडक पाण्याने विसळून पेला उपडा वाळवला की काम भागते.

माप आणि बाटलीवरचा आकडा

अंदाजाने ओतलेली शोचू ही तक्रार फसवी असते, कारण दोन माणसांच्या अंदाजात सहज दुप्पट फरक पडतो. मापाचा पेला नसेल तर खोकल्याच्या औषधाबरोबर येणारी टोपी चालते.

त्याहून अधिक वेळा चुकतो तो बाटलीवरचा आकडा. सगळी शोचू २५ टक्क्यांची नसते. मियाझाकी प्रांतात २० टक्क्यांची शोचू सर्रास पितात आणि ती तोक्योतही मिळते. तिने केलेला पेला आपल्या मापात ५ टक्क्यांवर येतो आणि त्यात वितळलेले पाणी मिळाले की पेय विरल्यासारखे वाटते. याच्या उलट प्रकार जूनमध्ये घडतो. तेव्हा येथील दुकानांत हिरव्या उमे फळांच्या पिशव्या, खडीसाखर आणि ३५ टक्क्यांच्या ‘व्हाइट लिकर’चे मोठे डबे शेजारी शेजारी रचलेले असतात. ती फळे मुरवण्यासाठीची शोचू आहे. आमच्या इमारतीतील एका वहिनींनी ती स्वस्त म्हणून आणली होती आणि पाहुण्यांना सावर ‘फार कडक’ का लागतो हे त्यांना दोन आठवडे उमगले नव्हते. बाटली फिरवून आकडा वाचणे एवढीच दुरुस्ती होती. ३५ टक्क्यांची असेल तर ६० ऐवजी ४३ मिलिलिटर घ्यावी.

सोडा आणि बर्फ : शंभर-दोनशे येनचा खर्च

येथपर्यंत फरक पडला नसेल तर सोड्याची न उघडलेली, पूर्ण गार, लहान बाटली आणावी. एक लिटरची बाटली स्वस्त पडते, पण उघडल्यावर तिच्या रिकाम्या जागेत वायू भरत जातो आणि तिसऱ्या पेल्यापर्यंत सोड्यात दम उरत नाही. गोटी सोड्याची बाटली आठवावी. जपानात रामुने हे गोड सोड्याचे पेय याच गोटीच्या बाटलीत मिळते. गोटीला तोंडाशी धरून ठेवणारा दाब त्या वायूचाच असतो आणि गोटी एकदा आत ढकलली की तो दाब परत येत नाही. पिळून टोपी घट्ट लावल्याने उलट नुकसान होते, कारण चेपलेली बाटली फुगण्यासाठी वायू पाण्यातूनच बाहेर ओढला जातो. साखर किंवा लिंबाचा स्वाद असलेला सोडा या तपासणीत वापरू नये.

घरी सोडा करण्याचे यंत्र असल्यास पाणी आधी फ्रीजमध्ये गार केलेले आहे का, एवढेच विचारावे. नळाच्या कोमट पाण्यात कितीही वेळा वायू सोडला तरी तो टिकत नाही. शोचू घातलेले मिश्रण त्या यंत्रात भरू नये. ते उसळून बाहेर येते.

मासळीचा किंवा आमटीचा वास हे बर्फाचे लक्षण आहे. ट्रेमध्ये उघडा राहिलेला बर्फ फ्रीझरमधले वास धरतो, आणि आठवडाभर जुना असेल तर हमखास धरतो. एक खडा पेल्यात वितळवून ते पाणी चाखावे. दोष असल्यास लगेच कळतो. त्यावर उपाय म्हणून कोनबिनीत, म्हणजे गल्लीतल्या लहान किरकोळ दुकानात, मिळणारी पारदर्शक बर्फाची एक पिशवी आणून तुलना करावी. हे खडे मोठे असतात. तेवढ्याच वजनाच्या लहान खड्यांपेक्षा त्यांचा पृष्ठभाग कमी भरतो आणि ते सावकाश वितळतात. पेला बर्फाने अर्धा भरला तर पेय कमी पाणचट होईल, ही समजूत चुकीची आहे. थोडा बर्फ लवकर संपतो आणि उरलेले पेय कोमट होऊन जाते.

कडवटपणा : लिंबाची तपासणी

याचे कारणही आपल्या हाताच्या सवयीत आहे. सरबतासाठी आपण लिंबू साल उलटी होईपर्यंत पिळतो. तेथे निघालेला कडूपणा साखर झाकून टाकते. बिनसाखरेच्या सावरमध्ये तो झाकायला कोणी नसते. सालीखालचा पांढरा पापुद्रा आणि बिया यांतून लिमोनिनचा कडूपणा येतो, आणि तो पिळल्याक्षणी न जाणवता काही वेळाने वाढत जातो, म्हणून सकाळी पिळून ठेवलेला रस संध्याकाळी कडू निघतो. लेमन आडवा कापून हलक्या हाताने पिळावा, रस गाळून घ्यावा आणि तासाभरात वापरावा. गाळण्याचा दुसराही लाभ आहे : गराच्या तंतूंवर बुडबुडे तयार होऊन वायू लवकर उडतो, तो राहतो.

वास सालीच्या तेलात असतो, म्हणून सालीची एक चकती पेल्यावर मुडपून तेलाचे तुषार उडवावेत. आयात केलेल्या लेमनवर तोडणीनंतर बुरशीनाशक लावलेले असते आणि जपानी दुकानांत तशी सूचना लिहिलेली असते. सालीसाठी हिरोशिमाच्या सेतोदा परिसरातला, तसे न लिहिलेला देशी लेमन घ्यावा. बदल म्हणून लिंबाच्याच कुळातले तोकुशिमाचे सुदाची, ओइताचे काबोसु किंवा ओकिनावाचे शिकुवासा उत्तम लागते. माझे मत विचाराल तर ऑगस्टमध्ये सुदाचीला तोड नाही.

लेमनच्या फोडी शोचूत मुरवून ठेवणाऱ्यांसाठी एक कायद्याची बाब : जपानात घरगुती मुरवणीसाठी मूळ दारू किमान २० टक्क्यांची असावी लागते आणि द्राक्षे व धान्ये वर्ज्य आहेत. बुरशी दिसली किंवा बरणीत आपोआप बुडबुडे येऊ लागले तर वरचा थर काढून उरलेले वापरू नये, सगळे टाकून द्यावे.

शेवटी शोचू

सगळे जमूनही उग्र वास वर येत असेल तर आपण होन्काकु वापरत आहात का ते पाहावे. कागोशिमाची रताळ्याची शोचू सोड्यात सुंदर लागते, पण लिंबाबरोबर तिचे भांडण होते. ती सोड्यात नुसतीच, एकास दोन प्रमाणात घ्यावी. फ्रीजमध्ये ठेवल्यावर अशा बाटलीत पांढरट धूसरपणा किंवा कापसासारखे कण दिसले तर घाबरू नये, ती शोचूतलीच तेले थंडीने वेगळी झालेली असतात. आणि दुकानातल्या डब्यातल्या चूहायसारखी चव येत नाही ही तक्रार असेल, तर तो बिघाडच नव्हे : बहुतेक डब्यांत गोडवा आणि स्वाद घातलेला असतो.

येथे हात थांबवावा

रात्रभर ठेवूनही काहीच गार होत नसेल तर पेय सोडून फ्रीज तपासावा. पाण्याच्या पेल्यात तापमापी ठेवून रात्रभर आत ठेवावी. सकाळी ती १० अंश दाखवत असेल तर आतल्या हवेच्या झरोक्यांसमोरचे डबे हलवावेत आणि दाराच्या रबरात कागद अडकवून ओढून पाहावा. तो सहज निसटला तर रबर सैल झाले आहे. एवढे पाहून झाल्यावर तंत्रज्ञाला बोलवावे, आणि फ्रीज घरमालकाचा असल्यास आधी घराची व्यवस्था पाहणाऱ्या कंपनीला कळवावे. साचलेला बर्फ सुरीने खरवडू नये. अलीकडच्या घरगुती फ्रीजमध्ये आयसोब्युटेन हा ज्वलनशील वायू असतो आणि नळीला भोक पडल्यास प्रकरण पेयापुरते राहत नाही. सोड्याच्या यंत्राचे नळकांडे फुसफुसत असेल तर खिडक्या उघडाव्यात, ते खोलण्याचा प्रयत्न करू नये आणि विक्रेत्याकडे परत द्यावे.

नीट जमलेला सावर गार असल्यामुळे सरबतासारखा भराभर पोटात जातो, हा त्याचा खरा धोका आहे. आपल्या मापाच्या एका पेल्यात १२ ग्रॅम शुद्ध मद्यार्क असतो. जपानच्या आरोग्य मंत्रालयाच्या २०२४ मधील मार्गदर्शक सूचनांनुसार रोजचा मद्यार्क पुरुषांत ४० आणि स्त्रियांत २० ग्रॅमपर्यंत पोहोचला की जीवनशैलीशी निगडित आजारांचा धोका वाढतो. एखादी व्यक्ती हाक मारून, चिमटा काढूनही प्रतिसाद देत नसेल, अंग गार पडले असेल किंवा श्वास अडखळत असेल तर ‘झोपू द्या, उतरेल’ असे म्हणू नये. तिला कुशीवर वळवावे, एकटे सोडू नये आणि ११९ वर रुग्णवाहिका बोलवावी. बोलवावी की नाही अशी शंका असेल तर तोक्योत ७११९ च्या आधी शार्पचे चिन्ह दाबून सल्ला मिळतो. घाईत जपानी पत्ता तोंडातून निघत नाही, म्हणून आमच्याकडे तो मोठ्या अक्षरांत लिहून फ्रीजच्या दारावर, ६०-१८०-१५ या मापाच्या चिठ्ठीच्या वर लावलेला आहे.